घराचा दावा कोर्टात, मग लाईट कोण तोडणार?

कोल्हापुरातल्या पेठांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर एक मेसेज फिरतोय. मथितार्थ असा: ‘घराची केस चालू असेल तर मीटर ज्याच्या नावावर आहे त्याने महावितरणला एक अर्ज द्यायचा, समोरच्याची लाईट बंद. मालकाची एनओसी नसेल तर त्याला नवं मीटर मिळतच नाही. अर्जाची कटकट नको असेल तर बिल थकवा, कंपनीच येऊन कट करेल. निकाल लागेपर्यंत समोरचा काही करू शकत नाही.’ खाली जोडीला हात जोडलेले इमोजी आणि ‘सर्व घरमालकांपर्यंत पोहोचवा’.

पहिलं वाक्य अर्धं खरं आहे, म्हणूनच ते जास्त घातक. नोंदणीकृत ग्राहकाला स्वतःची जोडणी बंद करून मागता येते. पण मीटरवरचं नाव म्हणजे मालकी नव्हे. जुन्या पेठांतल्या कितीतरी वाड्यांत मीटर अजून आजोबांच्या नावावर आहे. आजोबा जाऊन जमाना झाला, वाटणी झालेली नाही आणि भावकीतली तीन घरं त्याच मीटरवर चालतात. मेसेजचा हिशेब धरला तर अर्ज करायला आजोबांनाच यावं लागेल. मालकी कोणाची हे ठरवणं दिवाणी कोर्टाचं काम आहे, महावितरणच्या शाखा अभियंत्याचं नाही.

आता एनओसी. मेसेजमधलं सगळ्यांत चुकीचं आणि सगळ्यांत जास्त पसरलेलं वाक्य हेच. विद्युत कायदा 2003 च्या कलम 43 प्रमाणे वीज मागण्याचा हक्क जागेच्या मालकाला आहे, तसाच तिथे राहणाऱ्यालाही आहे. मे 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ‘दिलीप विरुद्ध सतीश’ या प्रकरणात हे स्पष्टच सांगितलं: वीज ही मूलभूत गरज आहे, घरमालक ना हरकत दाखला देत नाही एवढ्या कारणावरून भाडेकरूला ती नाकारता येत नाही. वीज कंपनीने एवढंच बघायचं, की अर्जदार त्या जागेत राहतो का. म्हणून भावाने स्वतःच्या नावावरचं मीटर काढून घेतलं, तरी आत राहणारा दुसरा भाऊ स्वतःसाठी वेगळी जोडणी मागू शकतो. भाडेकरार, घरफाळ्याची पावती, रेशनकार्ड, जुनी बिलं असा ताब्याचा पुरावा मात्र लागतो. आणि ही जोडणी मिळाली म्हणून त्याचा हिस्सा सिद्ध होत नाही. बिल दाखवून ‘घर माझं’ म्हणणाऱ्यांनीही हे ध्यानात ठेवलेलं बरं.

बिल थकवण्याची युक्ती खरोखर चालते, हे कबूल करायला हवं. कलम 56 प्रमाणे थकबाकीसाठी वीज तोडण्याआधी पूर्ण 15 दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. पण ती जाते मीटरवरच्या नावाला. म्हणजे ज्याने मुद्दाम बिल थकवलं त्यालाच नोटीस मिळते, आणि आत राहणाऱ्याला कळतं ते लाईनमन शिडी लावतो तेव्हा. यावर उपाय साधा आहे. बारा आकडी ग्राहक क्रमांक लिहून ठेवा आणि बिल स्वतः भरा. भरणारा कोण हे कोणी विचारत नाही, उलट त्या पावत्या ताब्याचा पुरावा म्हणून कामी येतात. बिलाच्या रकमेवरच वाद असेल, तर मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीवर काढलेली रक्कम, यांपैकी जी कमी ती निषेध नोंदवून भरली की वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. थकबाकी साचू देऊ नये याला आणखी एक कारण आहे. त्या जागेवरची जुनी बाकी भरल्याशिवाय नवी जोडणी नाही, अशी अट नियमांत असेल तर ती चालते, असं सर्वोच्च न्यायालयाने 2023 मध्ये म्हटलं आहे.

काही शूर लोक अर्ज आणि थकबाकी दोन्ही सोडून थेट कटआउट काढतात किंवा वायरच कापतात. पुरवठा बंद पाडण्याच्या हेतूने वीजवाहिनी तोडली तर कलम 140 खाली दहा हजारांपर्यंत दंड होऊ शकतो.

‘निकालापर्यंत काही करता येत नाही’ हेही खोटं. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा 1999 चं कलम 29 घरमालकाला पुरेशा कारणाशिवाय भाडेकरूची वीज, पाणी, जिन्यातला दिवासुद्धा बंद करू देत नाही, आणि वीज परत जोडून देण्याचा आदेश कोर्टाकडून मागता येतो. भावाभावांच्या दाव्यात कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात तात्पुरत्या मनाईचा अर्ज करता येतो. महावितरणच ऐकत नसेल तर तिच्या ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे जाता येतं. ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंचही कोल्हापुरातच बसतं, त्यामुळे कंपनीविरुद्ध रिट याचिका करायला मुंबईची गाडी पकडावी लागत नाही.

वीजचोरी सापडली किंवा 2019 सारखं पंचगंगेचं पाणी मीटरपर्यंत आलं, तर पुरवठा बंद होणारच. त्याचा घराच्या दाव्याशी संबंध नाही.

घरमालकाची बाजू मला पोकळ वाटत नाही. सबमीटरवर वीज वापरायची, पैसे द्यायचे नाहीत आणि वर हक्क सांगायचा, असे भाडेकरू आहेतच. त्यांच्यावर वसुलीचा आणि जागा खाली करण्याचा दावा लावा. लिव्ह अँड लायसन्सची मुदत संपूनही कोणी हलत नसेल तर भाडे नियंत्रण कायद्याचं कलम 24 आहे: सक्षम प्राधिकाऱ्याकडे अर्ज करता येतो, आणि जागा सोडेपर्यंत ठरलेल्या शुल्काच्या दुप्पट रकमेची जबाबदारी राहणाऱ्यावर येते. घरमालकांना उपयोगी पडेल असं मेसेजमध्ये टाकायचंच होतं, तर हे कलम टाकायचं.