आजोबांना सातबाऱ्यावरून उठवू नका

वडिलोपार्जित जमीन विकायची म्हणताय? मग पहिलं पथ्य: वारसनोंद करायची नाही. आजोबा १९८७ साली गेले, त्यांचं नाव सातबाऱ्यावर आहे, असू द्या. घरातलं एक तरी वडीलधारं माणूस जागेवर हवं. कायदा म्हणतो, हक्क मिळाल्यापासून तीन महिन्यांत तलाठ्याकडे वर्दी द्या. पण तेवढे दिवस तेराव्याच्या मांडवाचा आणि आचाऱ्याचा हिशेब मिटवण्यातच जातात, हे कायदा करणाऱ्यांना कोण सांगणार? मयत खातेदारांच्या जागी वारसांची नावं लावायला सरकारने २०२५ मध्ये 'जिवंत सातबारा' मोहीम काढली, तेव्हा तुम्ही गावातच होतात. जत्रेला. मटण खाऊन परतलात, ते योग्यच केलंत.

शेजारच्या गटावर थोरल्या काकांच्या नावापुढे 'ए.कु.मॅ.' असं लिहिलेलं दिसेल. ती काकांची डिग्री समजा. एकत्र कुटुंबाचा मॅनेजर, म्हणजे जमीन सगळ्यांची, असा अर्थ कोणी सांगू लागला तर त्याला पुढच्या कार्याचं आमंत्रण देऊ नका.

गिऱ्हाईक आलं, इसार हातात पडला, की मात्र घाई करा. वारसनोंद आता आठवड्यात हवी. शपथपत्रात वंशावळ लिहायची असते. तिथे आजोबांना दोन मुलगेच दाखवा. आत्या तिघी आहेत खऱ्या, पण त्यांना लग्नात भांडी दिली होती, आणि पितळ त्या काळी काय भाव होतं! मुलींना हक्क २००५ पासून मिळाला, असं पारावर छातीठोक सांगा. बापाच्या हिश्शात मुलगी १९५६ च्या कायद्यापासूनच पहिल्या वर्गाची वारस आहे, हे कोणी काढलंच तर चहा मागवा. फारच गळ्याशी आलं तर आत्यांची नावं मालकाच्या रकान्यात नको, सातबाऱ्याच्या 'इतर हक्कात' बसवा. विहिरीचा हिस्सा आणि सोसायटीचा बोजा तिथेच असतो, त्यांना सोबत होईल.

हक्कसोडपत्र करायचंच झालं तर नोंदणीच्या भानगडीत पडू नका. पाचशेचा स्टॅम्प, नोटरीचा शिक्का, वर लाल रिबीन. शंभर रुपयांवरच्या स्थावर मिळकतीचा हक्क सोडणारा दस्त नोंदवावाच लागतो, असं नोंदणी कायदा १९०८ पासून म्हणतोय. एवढी वर्षं म्हणतोय, अजून थोडी म्हणेल. ट्रंकेत आजोबांनी दिलेलं कुलमुखत्यारपत्र सापडलं तर सोन्याहून पिवळं. देणारा गेला की ते संपतं, पण तुमच्या मते आजोबा गेलेत कुठे?

मग खरेदीखत. दुय्यम निबंधकाकडे टोकन घ्या, कॅमेऱ्यात बघा, मशीनवर अंगठा ठेवा. मुद्रांक शुल्क भरलंय, माणसं हजर आहेत, ओळखदार आहेत, दस्त नोंदला जातो. मालकी खरी की खोटी हे ठरवणं त्या टेबलाचं काम नाही, ही गोष्ट घेणाऱ्याला अजिबात सांगू नका. इंडेक्स टू, म्हणजे नोंदलेल्या दस्ताचा उतारा, हातात आला की त्याला मिसळ खायला घाला.

पुढे फेरफाराची, म्हणजे सातबाऱ्यावरचं नाव बदलण्याची, नोटीस निघते, हरकतीला पंधरा दिवस. नोटीस चावडीवर लागते आणि चावडीकडे बघतं कोण, म्हणून तुम्ही निर्धास्त. पण गावातला एक रिकामटेकडा तिचा फोटो काढतो, भावकीच्या ग्रुपवर टाकतो, आणि अकराव्या दिवशी हरकत दाखल होते. मंडळ अधिकाऱ्यासमोर सुनावणीला धाकटी आत्या पहाटेच्या एसटीने येते. बाकड्यावर तुमच्या शेजारीच बसते, पिशवीतून दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी काढते, एक दशमी तुमच्या हातावर ठेवते.

"खा रे. सकाळपासून उपाशी असशील," म्हणते. आणि मग अगदी हळू, "आम्हाला कधी मारलंस रे कागदावर? तेरावं तरी घालायचंस."