सूडापोटी कुणी हॉटेल बांधतं का?

गेल्या आठवड्यात आमच्या कोथरूडच्या सोसायटीच्या ग्रुपवर 'शुभ सकाळ'च्या गुलाबाखाली तो मेसेज पुन्हा आला. दर वर्षी ३ मार्चला, म्हणजे जमशेदजी टाटांच्या जयंतीला, तो येतोच. यंदा त्याला मुहूर्तही लागला नाही. ज्यांच्या वाट्याला आला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात मजकूर असा : जमशेदजींना वॉटसन्स हॉटेलमधून 'फक्त गोऱ्यांसाठी' म्हणून हाकललं. त्यांनी तिथेच शपथ घेतली आणि सूड म्हणून ताज बांधलं. ते चुकून उलटं बांधलं गेलं, म्हणून आर्किटेक्टने वरून उडी मारली. पुढे जमशेदजींनी ६६ टक्के संपत्ती दान केली, बंगलोरची विज्ञानसंस्था उभी केली आणि गरीब मुलांना परदेशात फुकट शिकवलं. शेवटी 'अभिमान वाटत असेल तर पुढे पाठवा'.

अभिमान मलाही वाटतो. म्हणूनच पुढे पाठवला नाही.

आधी वॉटसन्स. ही कथा इतकी चपखल आहे की तिथेच संशय यावा. कधी जमशेदजी एकटे जेवायला जातात, कधी सोबत परदेशी पाहुणा असतो, कधी दारावर कुत्र्यांची पाटीही असते. सांगणारा बदलला की तपशील बदलतो. त्यांना जवळून ओळखणाऱ्या माणसांच्या सांगण्यात मात्र हा प्रसंग नाही. टाइम्स ऑफ इंडियाचे संपादक लोव्हॅट फ्रेझर त्यांचे स्नेही. त्यांच्या सांगण्याचा मथितार्थ असा की हॉटेलचा विचार जमशेदजींच्या डोक्यात बराच काळ घोळत होता, त्यांनी त्याचा नीट अभ्यास केला होता आणि हॉटेलमालक म्हणून मिरवायची त्यांना जराही हौस नव्हती. लोकांनी हिंदुस्थानात यावं आणि मुंबई सुधारावी, एवढाच हेतू.

काळही बघा. १८९६ साली मुंबईत प्लेग शिरला. आपल्याकडे त्याने पुढच्याच वर्षी काय केलं ते पुणेकराला सांगायला नको. रँडच्या खुनाची तारीख, २२ जून १८९७, इथल्या शाळकरी पोरांनाही पाठ असते. मुंबईतून माणसं पळत होती, शहराचं नाव खराब झालं होतं. अशा वेळी, १८९८ मध्ये, अपोलो बंदराजवळ भराव टाकलेल्या जागेवर एक साठीकडे झुकलेला गिरणीमालक स्वतःच्या खिशातून हॉटेलचा पाया घालतो. घरच्यांनाही ते पटलं नव्हतं. बहिणीचा टोमणा चरित्रांत आला आहे : विज्ञानाची संस्था काढतोस, लोखंडाचा कारखाना काढतोस, आणि आता म्हणे भटारखाना! पारशी घरातला हा शब्द मला फार आवडतो. भाऊ अपमान गिळून बसला आहे असं ठाऊक असतं, तर बहीण असं बोलली असती का?

हिशेबही बघा. सूड घेणारा माणूस लिफ्टची चौकशी करत बसत नाही. हे गृहस्थ युरोपात हिंडून एकेक वस्तू निवडत होते : जर्मन लिफ्ट, अमेरिकन पंखे, तुर्की पद्धतीची न्हाणीघरं, स्वतःची वीज. १६ डिसेंबर १९०३ ला ताज उघडलं तेव्हा आत १७ पाहुणे होते. सूड असता तर गोऱ्यांना दार बंद असतं. ताजला तर गोरे पाहुणे हवेच होते. बोटीतून उतरणारा प्रवासी हेच गिऱ्हाईक.

वंशभेद नव्हता असं मी म्हणत नाही. ताजच्या शेजारच्या यॉट क्लबात हिंदी माणसाला सभासदत्व नव्हतं, आणि वॉटसन्समध्येही गोऱ्यांचीच ऊठबस असे. त्या अपमानांची दखल घ्यायची तर खऱ्या क्लबांची नावं घेऊन घ्यावी, त्यासाठी रचलेला प्रसंग लागत नाही. बिचारं वॉटसन्स! इंग्लंडहून ओतीव लोखंडाचे भाग आणून उभारलेली ती इमारत. ७ जुलै १८९६ ला ल्यूमिएर बंधूंची चलचित्रं मुंबईत पहिल्यांदा तिथेच दाखवली गेली. आज ती काळ्या घोड्याजवळ एस्प्लनेड मॅन्शन या नावाने मोडकळीला आलेली आहे, आणि लोकांना तिच्याबद्दल माहीत काय, तर न घडलेलं एक भांडण.

आर्किटेक्टच्या उडीचं प्रकरण चार ओळींत संपतं. मूळ आराखडा सीताराम खंडेराव वैद्य आणि डी. एन. मिर्झा यांचा. वैद्य १९०० साली वारले, हॉटेल पुरं व्हायच्या तीन वर्षं आधी, आणि तेही आजाराने. काम डब्ल्यू. ए. चेंबर्स यांनी पुरं केलं. दर्शनी दार शहराकडे होतं कारण टांगे-बग्ग्या शहराच्या बाजूने येत. 'पाठ गेटवेकडे कशी?' असं विचारणाऱ्यांनी लक्षात घ्यावं, गेटवे ऑफ इंडिया खुलं झालं १९२४ मध्ये. तोवर तिथे पाठ दाखवण्याजोगं काही नव्हतंच. मला खरा राग येतो तो याचा की मेसेजमध्ये आर्किटेक्ट आत्महत्या करण्यापुरताच येतो. वैद्यांचं मराठी नाव मराठी ग्रुपवरही कुणी घेत नाही.

आता ६६ टक्के. हा आकडा खरा आहे, माणूस चुकला आहे. टाटा सन्सचे सुमारे ६६ टक्के भाग टाटा न्यासांकडे आहेत. पण जमशेदजी १९ मे १९०४ ला जर्मनीत नॉहाइमला वारले आणि टाटा सन्स ही कंपनी १९१७ ची. जी कंपनी जन्मलीच नव्हती तिचे भाग ते कसे दान करणार? दान केलं मुलांनी. धाकटे सर रतन १९१८ मध्ये गेले, त्यांचा न्यास १९१९ चा. थोरले सर दोराबजी १९३२ मध्ये गेले, त्यांचा न्यास त्याच वर्षीचा. २०२१ मध्ये शतकातल्या दानशूरांच्या एका यादीत जमशेदजींना पहिलं स्थान मिळालं, १०२ अब्ज डॉलर आणि काही. त्या आकड्यात मुलांनी दिलेले भाग आणि नंतर वाढलेली त्यांची किंमतही मोजली आहे. बापाचं मोठेपण त्याने कमी होत नाही, पण मुलांचं खाऊन टाकलं जातं. आपल्या भांडारकर संस्थेची इमारत ज्यांच्या देणगीतून उभी राहिली ते हेच दोघे भाऊ. विधी महाविद्यालयाच्या रस्त्यावरून रोज जाणाऱ्यांना तरी हे ठाऊक असावं. (तिथून पुढे मुळशीला गेलं तर टाटांच्या धरणाखाली गेलेल्या गावांची आठवण काढणारे आणि १९२१ च्या सत्याग्रहाबद्दल सेनापती बापटांचं नाव घेणारे भेटतात. पुण्याजवळ हे दोन्ही आहे.)

'बंगलोरची संस्था उभी केली' हे अर्धं खरं, आणि उरलेलं अर्धं जास्त रंजक. जमशेदजींनी ३० लाख रुपयांची मालमत्ता देऊ केली, त्यात मुंबईतल्या इमारती होत्या. आपले सहकारी बरजोरजी पादशहांना त्यांनी परदेशातली विद्यापीठं बघायला धाडलं. ३१ डिसेंबर १८९८ ला, नवे व्हाइसरॉय लॉर्ड कर्झन मुंबईत उतरून एकच दिवस झाला असताना, योजना त्यांच्यापुढे ठेवली गेली. कर्झनसाहेबांची शंका अशी : एवढे विद्यार्थी मिळतील का, आणि शिकून त्यांना नोकऱ्या कोण देणार? अभ्यास समित्या झाल्या, कागद फिरले, वर्षं गेली. म्हैसूर संस्थानाकडून ३७१ एकर जमीन मिळाली. संस्थेचा आदेश निघाला २७ मे १९०९ ला आणि पहिले विद्यार्थी आले १९११ मध्ये. देणगीदार जाऊन सात वर्षं झाली होती. संस्थेला स्वतःचं नाव द्यावं अशी त्यांनी अट घातली नव्हती. बंगलोरचे रिक्षावाले मात्र अजून 'टाटा इन्स्टिट्यूट'च म्हणतात.

त्याच काळात आपल्याकडे डेक्कन एज्युकेशन सोसायटीचे आजीव सभासद ७५ रुपये पगारावर वीस वर्षं शिकवण्याची शपथ घेत होते. पैसा नाही म्हणून आयुष्य द्यायचं, ही पुण्याची रीत. जमशेदजींकडे पैसा होता आणि तो कुठे लावला तर जास्त उगवेल, हे ते बघत होते.

म्हणूनच शेवटचा दावा, 'फुकट शिकवलं', मला सगळ्यात जास्त खटकतो. १८९२ साली त्यांनी उच्च शिक्षणासाठी जो निधी काढला, त्यातून मिळे ते कर्ज. शिकून या, कमवा आणि फेडा, म्हणजे पुढच्याला मिळेल. दुबळ्याला नुसता टेकू देण्यापेक्षा हुशार माणसाला वर उचलण्याने देश पुढे जातो, असं त्यांचं मत होतं. हे मत सगळ्यांना पटेल असं नाही. मलाही पूर्ण पटत नाही. पण ते त्यांचं होतं आणि ते लपवून त्यांना अन्नछत्राचे मालक करणं बरोबर नाही. पहिल्या लाभार्थींत दोन स्त्री डॉक्टर होत्या, फ्रेनी कामा आणि कोल्हापूरच्या कृष्णाबाई केळवकर. ज्या काळात मुलींच्या शाळेवरूनच पुण्यात वाद पेटत, तेव्हा! पुढे राष्ट्रपती झालेले के. आर. नारायणन याच निधीवर लंडनला गेले आणि जयंत नारळीकर केंब्रिजला. गणेशखिंडीत आयुका ही खगोलशास्त्राची संस्था उभी करणाऱ्या माणसाच्या शिक्षणात ताजवाल्या शेठजींचं कर्ज आहे, ही बातमी त्या मेसेजमध्ये नाही.

हे सगळं मी ग्रुपवर टाकलं. बहुतेकांनी हात जोडलेली चित्रं टाकली. खालच्या मजल्यावरच्या गृहस्थांनी मात्र संध्याकाळी दार वाजवलं. मुलगी पुढल्या वर्षी एम.एस.ला जायचं म्हणते आहे आणि त्या मेसेजच्या भरवशावर त्यांनी खर्चाच्या वहीत एक रकाना रिकामा सोडला होता.

"म्हणजे हे फेडायचं?" त्यांनी विचारलं.

"फेडायचं."

ते वही घेऊन खाली गेले. थोड्या वेळाने मुलगीच वर आली, अर्ज कसा करायचा ते विचारायला.