पोस्टरने राजवट पडत नाही, म्हणे

‘पोस्टर चिकटवून कुठलीही हुकूमशाही पडलेली नाही. गोवा लष्कराने सोडवला, कागदांनी नव्हे. चित्रं काढणं हा सुरक्षित बसून करायचा उद्योग.’ मुक्तिदिन जवळ आला की हा मजकूर गोव्यात फोनोफोनी फिरतो. मी फोंड्यात छपाईच्या धंद्यात आहे आणि मला तो अजिबात पटत नाही.

लष्कराचं खरं आहे. १९ डिसेंबर १९६१ रोजी पोर्तुगीज सत्ता संपली ती भारतीय फौजेमुळेच. पण कागद एवढा निरुपद्रवी होता, तर पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या काळात गोव्यात लग्नपत्रिकासुद्धा सेन्सॉरकडून तपासून का घ्याव्या लागत? ज्यांना पत्रिकेची धास्ती, त्यांना पत्रकाची किती असेल!

राहिला पोस्टरने राजवट पडण्याचा मुद्दा. एकट्या पोस्टरने पडते, असं कुणीच म्हणत नाही. हुकूमशाहीत प्रत्येकाला वाटतं, आपण एकटेच विरोधात आहोत. भिंतीवरची खूण हा समज मोडते. १९८० च्या ऑगस्टमध्ये पोलंडमधल्या ग्दान्स्कच्या गोदीत संप चालू असताना येझी यानिशेव्स्की या चित्रकाराने ‘सोलिदारनोश्च’ (एकजूट) या कामगार संघटनेच्या नावाची अक्षरं रेखाटली: लाल, ब्रशने ओढलेली, मोर्चातल्या माणसांसारखी एकमेकांना टेकलेली, आणि ‘एन’वर पोलंडचा झेंडा. डिसेंबर १९८१ मध्ये लष्करी कायदा आला, पुढे संघटनेवर बंदी आली. तरी ४ जून १९८९ च्या निवडणुकीच्या पोस्टरवर तीच अक्षरं होती. संसदेच्या कनिष्ठ सभागृहातल्या, विरोधकांना लढवता येण्याजोग्या १६१ जागा सोलिदारनोश्चने दोन फेऱ्यांत सगळ्याच्या सगळ्या जिंकल्या.

सर्बियात सत्ताधीश मिलोशेविचविरुद्ध उभ्या राहिलेल्या ‘ओत्पोर’ या तरुणांच्या चळवळीचं चिन्ह असलेली मूठ १९९८ ची, नेनाद पेत्रोविचने काढलेली. स्क्रीन प्रिंटिंग करणाऱ्याला तिचं मर्म पाहताक्षणी कळतं. एकच रंग, म्हणजे एकच स्क्रीन. रजिस्टर जुळवायची, म्हणजे एका रंगावर दुसरा नेमका बसवायची, कटकट नाही. भिंतीवर मारायला कापलेला पुठ्ठा नि स्प्रे पुरतो. या मुठीचा टी-शर्ट घातला म्हणून पोलीस पोरांना उचलून नेत. मिलोशेविच ऑक्टोबर २००० मध्ये गेला.

आणि ‘सुरक्षित’ या शब्दाचा तर मला रागच येतो. बोट्स्वानात गॅबरोनला ‘मेडू’ या गटातले कलाकार वर्णद्वेषाविरुद्ध पोस्टर छापत. ती चोरून दक्षिण आफ्रिकेत जात. १४ जून १९८५ रोजी दक्षिण आफ्रिकेच्या सैनिकांनी सीमा ओलांडून छापा घातला. बारा माणसं मारली गेली. त्यांत मेडूचा ग्राफिक कलाकार थामी म्नेले होता. तो वर्णद्वेषाविरुद्ध लढणाऱ्या एएनसी (आफ्रिकन नॅशनल काँग्रेस) या संघटनेचा लढवय्याही होता. त्याची चित्रं सैनिकांनी उचलून नेली आणि दक्षिण आफ्रिकेच्या दूरचित्रवाणीवर दहशतवादाचा पुरावा म्हणून दाखवली.