ओमिशन नुसतं विचारून भागत नाही

‘साक्षीत विसंगती सापडली की अपिलात आरोपी सुटतो’ हे एका लेखात वाचलेलं वाक्य फारच ढोबळ आहे. समजा, तासगावकडची शेताच्या बांधावरची मारामारी. साक्षीदार कोर्टात म्हणतो, ‘कोयता मानेवर मारला’. पोलिसांपुढच्या जबाबात मात्र नुसतं ‘मारहाण केली’. कोर्टात सांगितलेली गोष्ट जबाबात नसणं, हेच ओमिशन. उलटतपासात विचारलं की ठरलेलं उत्तर येतं: ‘मी सांगितलं होतं, त्यांनी का लिहिलं नाही ते सांगता येणार नाही.’ इथे काम निम्मंच झालं. साक्षीदार तसं बोलला नव्हता, हे पुढे तपासी अंमलदाराच्या उलटतपासात वदवून घ्यावं लागतं. बरेचदा नेमकं हेच राहून जातं. मग मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे (सातारा-सांगलीची अपिलं आता तिथेच) पेपरबुक (खटल्याच्या कागदपत्रांचा संच) कितीही चाळा, सिद्धच न झालेल्या ओमिशनचा उपयोग शून्य.

आणि सिद्ध झालं तरी ते घटनेच्या गाभ्याला हात घालणारं हवं. वेळ १०-१५ मिनिटांनी चुकली म्हणून कोणी सुटत नाही. एक गोष्ट खोटी निघाली की सगळी साक्ष बाद, हा नियम तर आपल्याकडे नाहीच. वडिवेलू थेवर खटल्यात (१९५७) सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदारांचे तीन गट केले: पूर्ण भरवशाचे, अजिबात भरवशाचे नसलेले आणि अधलेमधले. दुजोरा शोधावा लागतो तो या तिसऱ्यांसाठी.