रोझीची ‘ओरिजिनल क्लिप’ नावाची थाप

कळव्याच्या आत्याने परवा पुढे ढकललेला मेसेज आता नौपाड्यातल्या तीन ग्रुपांवर फिरतोय: ‘पी. के. रोझी, भारताची पहिली नटी. अश्लील दृश्यामुळे लोक खवळले, तिचं घर जाळलं, ब्रिटिशांनी सिनेमावर बंदी घातली, तिने जीव दिला. बघा ओरिजिनल क्लिप.’ खाली दीड मिनिटाचा व्हिडिओ. त्यात एक बाई रडत रडत बोलतेय.

पहिली नटी? मराठी माणसाने हे फॉरवर्ड करावं म्हणजे कमालच! १९१३ सालच्या फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती होत्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी. (या कमलाबाई म्हणजे विक्रम गोखल्यांच्या आजी.) रोझी मल्याळम सिनेमाची पहिली नायिका, एवढं मान्य. ब्रिटिश बंदीचं सोडाच, तिचा सिनेमा लागला ते तिरुवनंतपुरम तेव्हा थेट ब्रिटिशांकडे नव्हतं, त्रावणकोर संस्थानात होतं.

आता क्लिप. रोझीचा हा सिनेमा म्हणजे जे. सी. डॅनिएल यांचा ‘विगतकुमारन’, आणि तो मूकपट होता. त्याचं वर्ष कोणी १९२८ सांगतं, कोणी १९३०. पहिला मल्याळम बोलपट ‘बालन’ आला १९३८ मध्ये. मग ही बाई बोलते कशी? शिवाय ‘विगतकुमारन’ची प्रतच उरलेली नाही. लहानपणी खेळता खेळता आपणच रिळं जाळली, असं डॅनिएल यांच्या मुलानेच सांगून ठेवलंय. तेव्हाची फिल्म नायट्रेटची: एकदा पेटली की पाण्यात बुडवूनही विझत नाही. न जळता राहिली तरी चिकट होते, चित्रावर फोड येतात आणि शेवटी हातात तपकिरी भुकटी उरते. फोनवर वेग कमी करून हा व्हिडिओ बघा. वरच्या उजव्या कोपऱ्यातला ठिपका आणि त्याच्या शेजारचा केसासारखा ओरखडा दर चार सेकंदांनी तिथेच, तसेच परत येतात. रिळावरचा डाग असा घड्याळ लावून येत नाही. हा ॲपमधला ‘जुना सिनेमा’ फिल्टर आहे.

हे एक वेळ चालवून घेऊ. डोकं फिरतं ते ‘अश्लील दृश्या’मुळे. रोझी पुलय समाजातली, दलित. भूमिका सरोजिनी नावाच्या नायर, म्हणजे वरच्या जातीतल्या बाईची. नायक तिच्या केसांतल्या फुलाचं चुंबन घेतो, एवढंच ते दृश्य असं सांगतात. फूल कोणाला खुपणार होतं? खुपली ती माळणारीची जात. कॅपिटॉल थिएटरातल्या पहिल्या खेळाला खुद्द नायिकेला आत येऊ दिलं नाही, पडद्यावर दगड बसले. घर जाळल्याचं मेसेजमध्ये आहे ते खरंच, पण कारण बदललं की दगड मारणारे एकदम संस्कारी दिसायला लागतात. आत्याला तर रोझीचीच चूक वाटली.

आणि तिने जीवबीव दिला नाही. ती पळाली, एका लॉरी ड्रायव्हरशी लग्न केलं आणि राजम्माळ या नावाने संसार केला. पडद्यावर पुन्हा आली नाही.