आधी गावाला दाखवा

गोव्यातल्या म्हादई अभयारण्यात व्हायच्या व्याघ्र प्रकल्पावरून घरी जी जुंपली आहे, ती मी ऑस्ट्रेलियात बसून पाहतो आहे. जुलै 2023 मध्ये उच्च न्यायालयाने तीन महिन्यांत प्रकल्प अधिसूचित करायला सांगितलं, सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि लोकांत दोन तट पडले. प्रकल्प व्हावा असंच माझं मत आहे. पण मी म्हादईच्याच सत्तरी तालुक्यातला, आणि धंद्याने कॅमेरामन. रान आणि रानातली माणसं टिपण्यात उमेदीची वर्षं गेली. म्हणून या वादात फिरणारे व्हिडिओ पाहून जीव तुटतो. प्रकल्पाच्या बाजूचे पाहावेत तर ड्रोनखाली नुसतं हिरवं रान, त्यात एक कौलारू घर नाही. विरोधातले पाहावेत तर दारात उभा केलेला म्हातारा, आणि त्याचं वाक्य अर्ध्यात कापलेलं.

इथल्या उलुरू या प्रचंड खडकापाशी हे चालत नाही. 1985 मध्ये ती जमीन तिथल्या मूळच्या अनंगू लोकांना परत मिळाली. तिथे धंद्यासाठी चित्रण करायचं तर परवाना लागतो, आणि खडकाच्या काही पवित्र जागा टिपायला मनाईच आहे. उजेड कितीही सुरेख पडलेला असो, फ्रेमच्या कडेला तशी जागा डोकावली की ट्रायपॉड हलवायचा.

आपल्याकडे गोव्यात पौषात मांडावर, म्हणजे गावाच्या ठरलेल्या पवित्र जागेवर, धालोंची गाणी-नाच रंगतात. बायकांचा खेळ, बायकांचाच मान. शेवटी एखादीच्या अंगात रंभेचा भार येतो, केस सुटतात, डोळे फिरतात, आणि नेमका तोच क्लोजअप मोबाइलवर घरोघर फिरतो. त्या बाईला कुणी विचारलं?

इथलं सगळंच उचला असं मी म्हणणार नाही. कॅमेऱ्याला एवढे नियम असलेल्या याच देशात मे 2020 मध्ये रिओ टिंटो कंपनीने लोहखनिजासाठी जुकन घळीतल्या गुहा सुरुंगाने उडवल्या. माणसाच्या 46,000 वर्षांच्या वावराच्या खुणा होत्या तिथे, आणि स्फोटाला सरकारी मंजुरी होती. खाणींचा गोवा पाहिलेल्याला अधिक काय सांगू!

त्याच वर्षी जानेवारीत म्हादईत चार वाघ विषाने मेले. तो गुन्हाच. मेलेल्या वाघांचे फोटो सगळीकडे झळकले. पण वाघाने म्हैस मारली की गोठ्यात काय उरतं, ते त्याआधी कुणी टिपलं होतं? तसंच सत्तरीतल्या बांबरची निरंकाराची राय, म्हणजे देवराई, घ्या. दलदलीतून गुडघ्यासारखी वर आलेली रानजायफळाची मुळं, वर गच्च सावली, पाण्यात हलणारे उजेडाचे कवडसे. कॅमेरावाल्याचं पाऊल तिथून निघत नाही. गावाने देवाच्या धाकाने राखली म्हणून ती राय उरली, आणि फोटोखाली त्या गावाचा उल्लेखही नसतो.

अभयारण्यात चित्रणासाठी वन खात्याची परवानगी काढावी लागतेच. त्याच अर्जाला ग्रामसभेची संमती जोडा. संकलन पक्कं होण्याआधी देवळाच्या मंडपात पडदा लावून सगळं गावाला दाखवा. एखादी आजी म्हणाली, हे काढ रे, तर ते काढायचं. 2004 पासून इफ्फी हा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव गोव्यात भरतो; पणजीच्या पडद्यावर जाण्याआधी आमचं रान सत्तरीतल्या वाळपईत, केरीत दिसू दे. यंदाच्या मोसमात रानात उतरणाऱ्यांनी हे सुरू करावं, त्याला कुठल्या निकालाची वाट पाहावी लागत नाही.