ग्वाल्हेरच्या छोट्या गाडीला ९ मिमी रूळ? एक खुलासा

ग्वाल्हेरच्या लष्कर भागातल्या आपल्या मॉडेल रेल्वे करणाऱ्या मंडळींमध्ये दोन दिवसांपासून एक मेसेज फिरतोय: ‘१:८७ मापात ग्वाल्हेर-श्योपूर गाडी करायची तर ९ मिमीचा रूळ तंतोतंत.’ (१:८७ म्हणजे खऱ्याच्या सत्त्याऐंशीव्या भागाएवढं मॉडेल, आणि ९ मिमी हे दोन रुळांमधलं अंतर.) हे चूक आहे. ९ गुणिले ८७ म्हणजे ७८३ मिमी. आपल्या गाडीचा गेज, म्हणजे दोन रुळांमधलं अंतर, होता दोन फूट, म्हणजे ६१० मिमी. ८७ने भागलं की ७ मिमी येतात. घोळ बहुधा डभोईमुळे झाला असावा. बडोद्याकडची ती जुनी लाइन अडीच फुटी, ७६२ मिमीची होती, तिच्या मॉडेलला ९ मिमी जवळपास चालतो. नॅरोगेज दोन्हींना म्हणतात, माप मात्र वेगळं.

दोन मिलिमीटरनं काय बिघडतं? या गाडीचं सगळं रूपच बिघडतं! चिंचोळ्या रुळांवरून दोन्ही बाजूंना बाहेर आलेला डबा, हीच तर तिची ओळख. परवा मी चाकं काढलेला डबा दोन्ही रुळांवर धरून पाहिला. ९वर तो ऐसपैस दिसला, ७वर लगेच आपला वाटला.

तयार रूळच हवा असेल तर ६.५ मिमीचा झेड गेज, म्हणजे आणखी छोट्या मॉडेल गाड्यांचा रूळ, घ्या. खऱ्या गाडीच्या मापात सुमारे ४५ मिमी कमी पडतात, पण ९पेक्षा तो कितीतरी जवळचा. त्याचे स्लीपर, म्हणजे रुळांखालच्या आडव्या पट्ट्या, फार बारीक आणि दाट असतात, ते काढून दुसरे स्वतः बसवा.